फाउंड फुटेज भयपटांनी सिनेमाला नेमके काय दिले?

निखळप्रेक्षक | शुक्रवार, रात्री १०:१२

फाउंड फुटेज, म्हणजे कथेतल्या पात्रांनीच टिपलेले आणि नंतर सापडलेले चित्रण असल्याचा आव आणणारे भयपट. त्यांचा विषय निघाला की चर्चा दोनच ठिकाणी जाऊन थांबते. एक तर कॅमेरा फार हलतो आणि डोके दुखते ही तक्रार येते, नाही तर १९९९ चा 'द ब्लेअर विच प्रोजेक्ट' किती कमी पैशांत झाला आणि त्याने जगभरात सुमारे २५ कोटी डॉलर कसे मिळवले, याचे कौतुक होते. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. परंतु या प्रकाराचे चित्रपटकलेवरचे खरे ऋण त्यापलीकडचे आहे असे माझे मत आहे आणि त्यावर इथल्या जाणकारांशी वाद घालण्याची इच्छा आहे.

नेहमीच्या चित्रपटात कॅमेरा कोणाचाच नसतो. खुनी माणूस खोलीत शिरण्याआधीच तो आत हजर असतो, आणि 'तू इथे कसा?' असे त्याला कोणी विचारत नाही. फाउंड फुटेजमध्ये मात्र प्रत्येक दृश्याला तीन प्रश्नांची उत्तरे द्यावी लागतात: हे कोणी टिपले, जीव मुठीत धरून पळताना त्याने कॅमेरा खाली का ठेवला नाही, आणि हे तुकडे नंतर कोणी जोडले? 'ब्लेअर विच'मध्ये पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरे पटकथेतच विणलेली आहेत. माहितीपट करायला निघालेल्या तिघांकडे एक कृष्णधवल १६ मिमीचा कॅमेरा आहे आणि प्रवासातल्या गमतीजमती टिपायला एक साधा हाय-८ व्हिडिओ कॅमेरा आहे. जंगलात वाट चुकल्यावरही त्यांच्यातली दिग्दर्शिका हेदर चित्रण थांबवत नाही, कारण भिंगातून पाहिलेले जग तितकेसे खरे वाटत नाही. सोबतचा जोश तिला हे तोंडावर सुनावतोसुद्धा. म्हणजे कॅमेरा चालू राहणे हाच त्या पात्राचा स्वभाव झाला.

कॅमेऱ्याला असा जाब विचारण्याची सवय भयपटांनी लावली आणि मग ती इतरत्र पसरली, हा माझा दावा आहे. तुम्हाला काय वाटते? आणि वाडे, विहिरी, वेताळ टेकडी असे सगळे साहित्य हाताशी असताना मराठीत हा प्रकार फारसा का रुजला नाही?

वाकडीवाट | शुक्रवार, रात्री १०:५५

तुमचे तीन प्रश्न उत्तम आहेत, पण या प्रकारातल्या बहुतांश चित्रपटांनी ते परीक्षेतल्या ऐच्छिक प्रश्नांसारखे सोडून दिले आहेत. २००९ मध्ये 'पॅरानॉर्मल ॲक्टिव्हिटी' गाजल्यावर जी लाट आली, तिच्यात पात्राच्या हातात कॅमेरा देणे म्हणजे पटकथा लिहिण्यातून सुटका, असाच समज झालेला दिसतो. घाबरलेल्या माणसाच्या हातून कॅमेरा पडतो तो नेमका भुताचे पाय चौकटीत येतील अशाच कोनात पडतो. बॅटरी महत्त्वाच्या संवादात कधीही संपत नाही, ती भूत दिसायच्या क्षणीच संपते. एका कॅमेऱ्याने टिपलेल्या संभाषणात मध्येच समोरून दुसरा कोन येतो आणि तो कोणाचा, हे दिग्दर्शकालाही ठाऊक नसते.

शिवाय हलता कॅमेरा आणि बातमीपटाचा आभास ही काही भयपटांची देणगी नव्हे. १९६६ च्या 'द बॅटल ऑफ अल्जियर्स'मध्ये बातमीपटाचा एक फूटही वापरलेला नाही असे निर्मात्यांना जाहीर करावे लागले होते, इतका तो खरा वाटत होता. ऋण मानायचेच असेल तर ते तिकडचे माना.

पानसुपारी | शुक्रवार, रात्री ११:०३

आमच्या सोसायटीत स्कूटर चोरीला गेली की सीसीटीव्हीचे फुटेज कधीच सापडत नाही. त्यामुळे हा चित्रप्रकार आमच्याकडे रुजण्याची शक्यता मुळातच कमी आहे.

जुनीफीत | शनिवार, सकाळी ७:२०

वाकडीवाट यांच्याशी अर्धा सहमत आहे. ही युक्ती चित्रपटांच्या आधीची आहे. १८९७ मध्ये आलेली 'ड्रॅक्युला' कादंबरी दैनंदिन्या, पत्रे, तारा आणि वर्तमानपत्रांची कात्रणे यांनीच बनलेली आहे. तिच्यातले डॉक्टर सेवर्ड तर आपली दैनंदिनी फोनोग्राफवर बोलून ठेवतात, म्हणजे ध्वनिमुद्रणाचे ताजे यंत्र भयकथेत तेव्हाच शिरले होते. आणि ती सगळी कागदपत्रे कोणी जमवली, याचे उत्तरही कथेत मिळते: मीना हार्कर टंकलेखन यंत्रावर बसून त्यांच्या प्रती काढते आणि क्रम लावते. निखळप्रेक्षक यांच्या तिसऱ्या प्रश्नाचे याहून चांगले उत्तर मी अजून पडद्यावर पाहिलेले नाही.

पुढे ३० ऑक्टोबर १९३८ रोजी ऑर्सन वेल्स यांनी मंगळवासीयांच्या आक्रमणाची नभोनाट्यातली बातमीपत्रे प्रसारित केली. त्या रात्रीची घबराट वर्तमानपत्रांनी बरीच फुगवली, असे आता अभ्यासक मानतात. पण संगीताचा कार्यक्रम मध्येच तोडून बातमी देण्याची पद्धत भीतीसाठी वापरता येते, हे तिथे सिद्ध झाले. बीबीसीने ३१ ऑक्टोबर १९९२ रोजी 'घोस्टवॉच' दाखवले. कार्यक्रम आधीच चित्रित केलेला होता, पण थेट प्रक्षेपणाच्या थाटात, आणि त्यात मायकेल पार्किन्सन हे लोकांच्या रोजच्या परिचयाचे सूत्रसंचालक स्वतःच्याच नावाने बसलेले होते. प्रेक्षकांनी दूरध्वनींचा भडिमार केला आणि बीबीसीने तो कार्यक्रम पुन्हा प्रक्षेपित केला नाही.

चित्रपटांत मात्र या प्रकाराचे मूळ काहीसे ओंगळ आहे, हे विसरू नये. १९८० चा इटालियन 'कॅनिबल होलोकॉस्ट' हा त्याचा पूर्वज. दिग्दर्शक रुज्जेरो देओदातो यांच्यावर नटांना खरोखर मारल्याचा संशय घेतला गेला आणि नट जिवंत असल्याचे त्यांना न्याययंत्रणेला दाखवावे लागले. माणसे सुखरूप होती, पण चित्रपटात मारलेले प्राणी खरेच मारलेले होते. खरेपणाचा आव आणण्यासाठी दिलेली ही किंमत मला आजही क्षम्य वाटत नाही.

निखळप्रेक्षक | शनिवार, सकाळी ९:४१

जुनीफीत काका, मीना हार्करचा मुद्दा माझ्या ध्यानात आला नव्हता. फार मोलाचा आहे.

वाकडीवाट, 'अल्जियर्स'बद्दल एक फरक नोंदवतो. तिथे चित्रपट बातमीपटासारखा दिसतो, पण त्या कथेत कॅमेरावाला माणूस नाही. रस्त्यावर गोळीबार करणाऱ्या सैनिकाला कॅमेरा दिसत नाही. फाउंड फुटेजमध्ये कॅमेरा हे कथेतले एक पात्र आहे. त्याच्याकडे पाहून माणसे बोलतात, चिडतात, तो बंद कर म्हणून ओरडतात. बातमीपटाचा पोशाख घालणे आणि कॅमेऱ्याला कथेत जागा देणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

ध्वनिलहर | शनिवार, दुपारी १२:१५

सगळे जण चित्राबद्दल बोलत आहेत म्हणून ध्वनीच्या बाजूने लिहिते. मी लोकेशन साउंडचे काम करते, त्यामुळे पक्षपात गृहीत धरावा.

साध्या व्हिडिओ कॅमेऱ्यात आवाजाची पातळी आपोआप राखणारी सोय असते. खोली शांत झाली की यंत्र आपणहून पातळी वाढवत नेते आणि मग पंख्याची घरघर, फ्रिजचा गुणगुणाट, खुद्द कॅमेऱ्याच्या मोटरचा आवाज वर येऊ लागतो. याच वेळी दार आपटले तर आवाज फाटतो आणि पुढचा क्षणभर सगळे दबून जाते. एरवी आम्ही ज्याला दोष म्हणतो तो इथे भीतीचे हत्यार बनतो, कारण प्रेक्षकाला नकळत कळते की यंत्र कान टवकारून बसले आहे. मोठ्या चित्रपटांच्या मिक्सिंगमध्येही, म्हणजे सगळे आवाज एकत्र जुळवताना, आता असा फाटलेला, दबलेला आवाज मुद्दाम ठेवतात, विशेषतः फोन किंवा वायरलेसवरच्या दृश्यांत.

दुसरी गोष्ट पार्श्वसंगीताच्या अभावाची. संगीत प्रेक्षकाला सांगत असते की आता घाबर, आता सैल हो. ते काढून घेतले की तो स्वतःच ऐकू लागतो. 'ब्लेअर विच'च्या चित्रणात दिग्दर्शकांनी रात्री तंबूबाहेर मुलांच्या आवाजांच्या ध्वनिफिती वाजवल्या होत्या आणि तंबू हलवला होता. नटांना नेमके काय होणार हे सांगितलेले नव्हते. पडद्यावर दिसते ते फक्त अंधारातले कापड. सगळे दृश्य कानांवर उभे आहे.

मात्र वाकडीवाट यांच्या आरोपात भर घालते. 'पॅरानॉर्मल ॲक्टिव्हिटी'मध्ये काही घडण्याआधी एक खोल घरघर सुरू होते. ती त्या शयनगृहातल्या कॅमेऱ्याने पकडलेली असणे शक्य नाही. ती मिक्सिंगच्या टेबलावर आलेली आहे. म्हणजे संगीत हाकलले आणि त्याचा धाकटा भाऊ मागच्या दाराने आत घेतला.

कर्वेरोडकर | शनिवार, दुपारी १:०२

कान-नाक-घसा तज्ज्ञ या नात्याने चक्कर येण्याबद्दल दोन ओळी. डोळे मेंदूला सांगतात की आपण पळत आहोत आणि आतल्या कानातील तोल सांभाळणारा अवयव सांगतो की आपण खुर्चीत बसलो आहोत. या विसंगतीमुळे मळमळते. २००८ मध्ये 'क्लोव्हरफील्ड'च्या वेळी अमेरिकेतील काही चित्रपटगृहांनी तशी सूचनाच लावली होती. मागच्या रांगेत बसावे, म्हणजे पडदा नजरेचा कमी भाग व्यापतो आणि त्याच्या कडेची स्थिर भिंत दिसत राहते. यासाठी कृपया दवाखान्यात येऊ नये.

कात्री | शनिवार, सायंकाळी ६:३०

मी संकलक आहे आणि मला वाटते की या प्रकाराने सर्वांत जास्त शिकवले ते आमच्या टेबलाला.

'पॅरानॉर्मल ॲक्टिव्हिटी'चे उदाहरण घ्या. रात्री आपल्या शयनगृहात कॅमेरा लावून ठेवणाऱ्या जोडप्याचा हा चित्रपट ओरेन पेली यांनी स्वतःच्या सॅन दिएगोच्या घरात सुमारे १५,००० डॉलरमध्ये केले. रात्रीची सगळी दृश्ये तिपाईवर ठेवलेल्या एकाच कॅमेऱ्याची आहेत: उजवीकडे पलंग, डावीकडे उघडे दार, दारापलीकडे अंधारा व्हरांडा आणि चौकटीच्या कोपऱ्यात धावणारे घड्याळ. तास भराभर पळत असतात. मग एकाएकी घड्याळ नेहमीच्या गतीवर येते. एवढेच. अजून काहीही हललेले नाही, तरी सगळे प्रेक्षागृह दाराकडे पाहू लागते, कारण दोन रात्रींतच त्यांना कळलेले असते की घड्याळ थांबवावे असे कोणाला तरी वाटले. पुढे एका रात्री त्या जोडप्यातली केटी उठून पलंगाशेजारी उभी राहते आणि घड्याळाचे आकडे पळत असताना ती तासन्‌तास तशीच उभी राहते. कट नाही, जवळचे दृश्य नाही, तरीही तो संकलनाचाच परिणाम आहे. वाकडीवाट, या चित्रपटात कॅमेरा हलतो म्हणून भीती वाटत नाही. तो हलत नाही म्हणून वाटते. आपण मान वळवून पाहू शकत नाही.

२०११ च्या तिसऱ्या भागात हीच कल्पना पुढे नेली. कॅमेरा फिरत्या टेबलफॅनच्या बुडावर बसवला आहे, त्यामुळे तो ठरावीक संथ गतीने बैठकीच्या खोलीकडून स्वयंपाकघराकडे जातो आणि परत येतो. त्याला कशाचेही कुतूहल नाही. एका खेपेला बसलेल्या मुलीच्या मागे चादर पांघरलेली आकृती उभी दिसते, आणि नेमक्या त्याच वेळी कॅमेऱ्याला दुसरीकडे जायचे असते. आम्ही एरवी कट कुठे करायचा यासाठी डोके फोडतो. इथे कट पंखा करतो.

आणि 'क्लोव्हरफील्ड'. तिथे ज्या टेपवर शहरावरच्या राक्षसी प्राण्याच्या आक्रमणाचे चित्रण होते आहे, तीवर आधी नायक-नायिकेच्या एका आनंदी दिवसाचे चित्रण होते. कॅमेरा बंद-चालू होताना मधूनमधून जुने तुकडे उघडे पडतात. पूर्वस्मृती दाखवण्यासाठी धूसर चौकट नको, वीणावादन नको. नवे जुन्यावर चढते आहे, एवढ्यानेच पोटात कालवते.

वाकडीवाट | शनिवार, रात्री ९:१८

कात्री, पंख्याचा मुद्दा मान्य आहे. तो प्रसंग खरोखरच हुशारीचा आहे. तरीही मोठा परिणाम कलेवर झाला नसून हिशेबावर झाला, यावर मी ठाम आहे. १५,००० डॉलरच्या चित्रपटाने सुमारे १९ कोटी डॉलर मिळवल्यावर निर्माते जेसन ब्लम यांनी खर्च कमी, दिग्दर्शकाला मोकळीक आणि नफ्यात वाटा हे सूत्र पक्के केले. पुढे त्याच घराण्यातून 'गेट आऊट'सारखे चित्रपट आले, ज्यांत कोणाच्या हातात कॅमेरा नाही. म्हणजे प्रभाव आहे, पण तो खातेवहीत शोधावा लागतो.

आणि खातेवही उघडलीच आहे तर तिची दुसरी बाजूही पाहा. 'ब्लेअर विच'मधल्या तिन्ही नटांनी स्वतःच्या खऱ्या नावांनी काम केले, चित्रण स्वतः केले आणि संवाद जागीच रचले. प्रदर्शनाआधी संकेतस्थळावर आणि हरवल्याच्या पत्रकांवर त्यांना बेपत्ता ठरवण्यात आले, त्यामुळे चित्रपट गाजत असताना त्यांना उघडपणे मिरवताही येईना. २०२४ मध्ये, म्हणजे पंचवीस वर्षांनी, त्यांना जाहीरपणे आपल्या मोबदल्याची मागणी करावी लागली. खरेपणाचा खर्च कोणाच्या खिशातून जातो, याचे जुनीफीत काकांनी एक उदाहरण दिले, हे दुसरे.

मृगजळ | रविवार, सकाळी १०:०५

हिंदीचा उल्लेख अजून कोणीच कसा केला नाही, याचे नवल वाटते. २०११ चा 'रागिणी एमएमएस' सर्वांना आठवत असेल, पण मला त्याआधीचा, २०१० मधला दिबाकर बॅनर्जी यांचा 'लव्ह सेक्स और धोखा' अधिक भीतिदायक वाटतो आणि त्यात भूत नाही. तीन कथा, तीन कॅमेरे: चित्रपट शिकणाऱ्या मुलाचा हातातला कॅमेरा, दुकानातला सीसीटीव्ही आणि स्टिंग ऑपरेशनचा छुपा कॅमेरा. पहिल्या कथेत आधी आपण त्या मुलाच्या भाबड्या प्रेमपटाला हसत असतो. मग तो आणि त्याची प्रेयसी पळून जाऊन लग्न करतात, घरचे गोड बोलून त्यांना परत बोलावतात, गाडी रात्री एका निर्जन जागी थांबते, आणि कॅमेरा चालूच असतो. मारणारी माणसे कुठल्याही अंधारातून आलेली नाहीत. ती मुलीच्याच घरची आहेत.

दुसऱ्या कथेत त्याहून वाईट गोष्ट आहे. तिथे दुकानातला मुलगा सीसीटीव्हीच्या कोनाचा हिशेब करून मुलीला जवळ ओढतो, कारण त्या चित्रफितीला बाजारात किंमत आहे. निखळप्रेक्षक यांचा पहिला प्रश्न 'हे कोणी टिपले' असा आहे. आपल्याकडे तो 'हे कोणी विकले' असा विचारावा लागतो. मराठीत हा प्रकार करायचा असेल तर वाड्यातल्या विहिरीपेक्षा इथून सुरुवात करावी, असे मला वाटते.

पानसुपारी | रविवार, सकाळी ११:३०

मृगजळ यांनी वातावरण गंभीर केले आहे, तरी सोसायटीच्या सीसीटीव्हीबद्दल एक माहितीपूर्ण गोष्ट सांगतो. पार्किंगमधल्या कॅमेऱ्यात मध्यरात्री एक पांढरी, लांबट, थरथरणारी आकृती दिसली आणि पहाटेपर्यंत ती चित्रफीत सोसायटीच्या व्हॉट्सॲप गटावर सर्वांनी पाहिली. दोन बिऱ्हाडांनी नारळ फोडले. वॉचमनने शिडी लावून पाहिले तेव्हा भिंगासमोर कोळ्याचा एक धागा निघाला. रात्री हे कॅमेरे डोळ्यांना न दिसणारा इन्फ्रारेड प्रकाश टाकतात. किडे तिथे जमतात, किड्यांसाठी कोळी येतो आणि भिंगाच्या अगदी जवळचा धागा त्या प्रकाशात भक्कन पांढरा दिसतो. मांजरांचे डोळे तर दिव्यांसारखे चमकतात. भर म्हणून वीज गेल्यापासून आमच्या डीव्हीआरचे घड्याळ बिघडलेले, त्यामुळे भूत साल २००० मधले ठरले.

नारळ फोडणाऱ्यांपैकी एक गृहस्थ अजूनही कोळ्याचे स्पष्टीकरण मानत नाहीत.

एकांकिकावाला | रविवार, दुपारी ३:४४

मी हा धागा सुरुवातीपासून वाचतो आहे. आम्ही काही मित्र एकांकिका करतो आणि आता एक लघुपट करायचे चालले आहे, म्हणून स्वार्थी प्रश्न विचारतो.

आमच्या पिढीला हा प्रकार चित्रपटगृहात भेटलाच नाही. तो पडद्यावरच्या पडद्यात भेटला. २०१८ मधला अनिश चगंटी यांचा 'सर्चिंग' पूर्णपणे संगणकाच्या आणि फोनच्या पडद्यांवर घडतो आणि तो भयपट नाही, हरवलेल्या मुलीला शोधणाऱ्या बापाची गोष्ट आहे. त्यात बाप एक संदेश टाइप करतो, थांबतो, खोडतो आणि वेगळाच पाठवतो. त्या खोडलेल्या ओळीत नटाच्या चेहऱ्याइतका अभिनय आहे. २०२० च्या टाळेबंदीत रॉब सॅव्हेज यांनी व्हिडिओ कॉलवर घडणारा 'होस्ट' केला तेव्हा दिग्दर्शक एकाही नटाच्या घरात नव्हता. प्रकाश आणि बऱ्याच करामती नटांनी आपापल्या घरी सांभाळल्या. आणि २०२२ च्या जानेवारीत केन पार्सन्स या शाळकरी वयाच्या मुलाने पिवळ्या भिंतींच्या रिकाम्या खोल्यांचे 'बॅकरूम्स' यूट्यूबवर टाकले. त्या खोल्या कुठेच नाहीत. त्या संगणकावर बनवल्या आहेत, पण जुन्या कॅमेऱ्याचा रंग, थरथर आणि आवाज दिल्यामुळे खऱ्या वाटतात. निखळप्रेक्षक सर, तुमच्या दाव्याच्या बाजूने मी हे तीन साक्षीदार उभे करतो.

आता प्रश्न. आमच्या कथेत पेठेतल्या रिकाम्या वाड्यात, पुनर्विकासासाठी पाडण्याआधी, काही माणसे जातात. शनिवारवाड्याचा विचार सोडला, कारण ते संरक्षित स्मारक आहे आणि चित्रणाची परवानगी आमच्या आवाक्यातली नाही. वाडा मिळाला आहे. कॅमेरा चालू ठेवायला कारण मात्र मिळत नाही. ब्लॉगर, यूट्यूबवाले, भूतशोधक हे सगळे वापरून गुळगुळीत झाले आहेत. काही सुचते का?

ध्वनिलहर | रविवार, सायंकाळी ५:१०

कारण सापडेपर्यंत एक काम करून ठेव. त्या वाड्यात प्रत्येक खोलीचा रूम टोन, म्हणजे कोणी न बोलता नुसत्या खोलीचा आवाज, ज्या फोनवर चित्रण करणार त्याच फोनवर मिनिटभर मुद्रित कर. लाकडी माडी, चौक आणि न्हाणीघर यांचे आवाज वेगवेगळे येतील. पुढे कधीतरी माडीवरच्या दृश्याखाली न्हाणीघराचा टोन ठेवून पाहा. का ते कोणाला सांगता येणार नाही, पण प्रेक्षक अस्वस्थ होईल.

वकीलबाई | रविवार, रात्री ८:२५

शिवाजीनगर न्यायालयात वकिली करते. चित्रपटांतले फारसे कळत नाही, पण निखळप्रेक्षक यांचे तीन प्रश्न वाचून हसू आले, कारण ते आम्ही रोज लिहून देतो.

कोणत्याही चित्रफितीची प्रत न्यायालयात पुरावा म्हणून दाखल करायची तर तिच्यासोबत प्रमाणपत्र लागते. पूर्वी ते भारतीय पुरावा कायद्याच्या कलम ६५ब खाली असे. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियमाचे कलम ६३ लागू आहे. त्यात लिहावे लागते की उपकरण कोणते, ते कोणाच्या ताब्यात होते, त्या काळात ते नीट चालत होते का आणि प्रत कशी काढली. नव्या नमुन्यात त्या फाईलची हॅश व्हॅल्यूही द्यावी लागते. फाईलमध्ये एक अक्षर जरी बदलले तरी तो आकडा बदलतो, त्यामुळे मध्ये कोणी कात्री चालवली की नाही हे पडताळता येते. (कात्री यांनी राग मानू नये.)

हे प्रमाणपत्र अनिवार्य आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२० मध्ये जो निकाल देऊन स्पष्ट केले, तो आपल्याच राज्यातला खटला होता. २०१४ च्या विधानसभा निवडणुकीत जालना मतदारसंघात उमेदवारी अर्ज दुपारी तीनच्या आधी आले की नंतर, हा वाद होता आणि निवडणूक अधिकाऱ्यांच्या दालनातल्या चित्रीकरणावर सगळी भिस्त होती. कोपऱ्यातल्या घड्याळाकडे डोळे लावून बसणारे प्रेक्षक फक्त चित्रपटगृहातच असतात असे नाही.

एकांकिकावाला, आता तुझ्या प्रश्नाकडे येते. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०५ प्रमाणे झडती आणि जप्तीचे दृकश्राव्य चित्रण करणे पोलिसांना बंधनकारक आहे. जप्त वस्तूंची यादी करणे आणि तिच्यावर साक्षीदारांच्या सह्या घेणे हेसुद्धा चित्रित व्हावे लागते, आणि ते मोबाइलवर करावे असे कायदाच सुचवतो. ते चित्रण विनाविलंब दंडाधिकाऱ्यांकडे पाठवायचे असते. म्हणजे तुझ्या वाड्यात एक पोलीस अधिकारी, एक शिपाई आणि दोन पंच गेले, तर काहीही घडले तरी शिपायाला मोबाइल बंद करता येत नाही. बंद केला तर उलटतपासणीत मी त्याला सोडणार नाही.

कात्री | रविवार, रात्री ८:४०

बाई, हे फार मोठे घबाड आहे. तिन्ही प्रश्न एका फटक्यात सुटले: शिपायाने टिपले, कायद्यामुळे थांबवले नाही, आणि जोडले कोणीच नाही, कारण जोडता येत नाही. चित्रपट एकसंध, कटविरहित करावा लागेल. माझे काम गेले, पण चित्रपट चांगला होईल.

एकांकिकावाला | रविवार, रात्री ९:०६

वकीलबाई, मनापासून आभार. दोन शंका आहेत. पंच कोणालाही करता येते का? आणि पंचांपैकी एक जण मध्येच निघून गेला तर?

वकीलबाई | रविवार, रात्री ९:३२

शक्यतो त्याच परिसरातले, निष्पक्ष आणि प्रतिष्ठित असे दोन किंवा अधिक रहिवासी बोलावतात. प्रत्यक्षात जवळच्या टपरीवर जो सापडेल त्याला आणतात. निघून गेला तर पंचनाम्यावर त्याची सही राहून जाईल आणि बचाव पक्षाला आनंद होईल. पण तू लेखक आहेस म्हणून याच्या उलट अडचण सुचवते. सुरुवातीला चित्रणात सर्वांनी आपापले नाव आणि पत्ता सांगायचा असतो. दोनच पंच बोलावले होते आणि शेवटी यादीवर सह्या तीन झाल्या, तर माझ्याकडे त्यावर कायदेशीर उपाय नाही.

वाकडीवाट | रविवार, रात्री ९:५०

हा लघुपट झाला तर मी तिकीट काढून पाहीन. मात्र ध्वनिलहर ताईंनी त्यात घरघर घातलेली आढळली, तर पैसे परत मागेन.

ध्वनिलहर | रविवार, रात्री १०:०४

घरघर शिपायाच्या छातीतली असेल. मोबाइल तो उराशी धरणार, मायक्रोफोन तिथेच असतो.